आडवा पुरलेला आप्पा आणि दुधाचा डबा

प्रवासाला निघण्यामागे माणसाची काही ना काही हौस असते. कुणाला देव बघायचा असतो, कुणाला डोंगर. मी निघालो तो एका माणसाची माफी मागायला. त्याला मी स्मरणिकेत ठार मारलं होतं आणि तो जिवंत निघाला होता.

आधी गुन्हा सांगतो. माझे गणपतमामा मोठ्या लढाईत खेचरांच्या पलटणीत होते. आफ्रिकेच्या वाळवंटात ते पकडले गेले आणि मग इटलीत तारेच्या कुंपणाआड वर्षानुवर्षं कैदेत राहिले. आमच्या घराण्यात एवढं लांब कुणी गेलेलं नाही. मी स्वतः हैदराबादच्या पुढं गेलो नाही, तेही कुणाच्या तरी लग्नाला. त्यामुळे मामांची ही गोष्ट लहानपणापासून मीच सांगत आलो. बारसं असो, साखरपुडा असो, जेवणं झाली की मंडळी म्हणायची, "दिगंबर, ते इटलीचं सांग." मी सांगायचो. दर वेळी थोडं वाढवायचो. पहिल्यांदा सांगितलं तेव्हा कैदेत नुसती थंडी होती. माझं लग्न झालं तोवर तिथं बोगदा खणून झाला होता. थोरली मुलगी दहावीला गेली तेव्हा तो बोगदा कोसळला आणि त्यात मामांचे जिवलग मित्र शिवलिंगआप्पा गाडले गेले. हा भाग आला की बायका पदर डोळ्याला लावायच्या. मग आप्पांना वर काढायचा धीर मला कधी झालाच नाही.

त्या साली आमच्या भीमजयंती मंडळानं नायगावच्या बाजूला, मामांच्या गावी, त्यांचा सत्कार ठरवला. स्मरणिकेत लेख लिहायचं काम माझ्याकडे आलं. मी नांदेडला हायस्कुलात मराठी शिकवतो, तेव्हा ते दुसऱ्या कुणाकडे जाणार? मी बोगद्यासकट सगळं लिहिलं. शेवटचं वाक्य होतं, 'परक्या मातीच्या कुशीत तो वीर आडवा झाला, तो कायमचा.' मलाच वाचून गहिवरून आलं.

स्मरणिका सत्काराआधीच वाटली गेली, आणि पंधरा दिवसांनी चाकूरहून कार्ड आलं.

"सप्रेम नमस्कार वि. वि. मी बोगद्यात वारलो हे आपल्या स्मरणिकेवरून समजलं. घरात कुणालाच कल्पना नव्हती. मला मातीत गाडलं हे आमच्या रीतीला धरूनच आहे. पण आमच्या लिंगायतांत माणसाला बसवून पुरतात. आपण आडवं ठेवलं आहे. तरी समक्ष येऊन उठवून बसवावं. गणपत जिवंत असल्यास त्यालाही आणावं. आपला, कै. शिवलिंगआप्पा."

आमच्या हिनं कार्ड वाचलं आणि पदर तोंडाला लावून आत गेली. भांडी पडल्यासारखा आवाज झाला. ती हसत होती. बाहेर येऊन म्हणाली, "आता जा. आणि तिथं तरी काही वाढवून सांगू नका."

नांदेड

सत्काराला आठ दिवस उरले होते. गावी जाऊन मामांना मी कार्ड वाचून दाखवलं तेव्हा वाटलं, चिडतील. ते कार्ड हातात घेऊन नुसते बसले. लिहिता-वाचता येत नसताना त्यांनी ते उलटसुलट करून पाहिलं.

"हाय म्हणतो का आप्पा?"

"आहेत. म्हणूनच चिडलेत."

"चाळीस वर्षं झाली रं," मामा म्हणाले. "बोटीतून उतरलो मुंबईत, तवा त्यो एका फाटकातून गेला आन् म्या दुसऱ्या." मग कार्ड परत देऊन म्हणाले, "आप्पा सत्काराला आला पायजे. न्हाई आला, तर मला हार नगं."

हे असं एवढ्या ठामपणे का, ते मी विचारलं नाही. मला माझीच पडली होती.

दुसऱ्या दिवशी ते पांढरं धोतर, काळी टोपी आणि कापडी पिशवी घेऊन नांदेडला उतरले आणि स्टँडावरूनच म्हणाले, "मला गोड घट्ट दुधाचा डबा घ्यायचा हाय." तीन दुकानं फिरलो. पहिल्या दुकानात डबा होता, पण पोचा आलेला. तो नको म्हणाले. दुसऱ्यात नव्हताच. तिसऱ्या दुकानदारानं वरच्या फळीवरून धूळ झटकून काढून दिला. मामांनी तो कानाशी नेऊन हलवला, टॉवेलात गुंडाळला आणि पिशवीच्या तळाशी ठेवला. मी मनात म्हटलं, दुष्काळ आहे, वाटेत चहाला दूध मिळायचं नाही. म्हातारा दूरदृष्टीचा!

इथंच माझं चुकलं, पण ते पुढं.

अहमदपूर

लोह्याच्या पुढं रान बघवत नव्हतं. पळसाची आणि लिंबाची झाडं तेवढी उभी, बाकी जमीन भाजलेल्या भाकरीच्या पापुद्र्यासारखी. एका माळावर जनावरांची छावणी लागली होती. तारेचं कुंपण, ओळीनं बांधलेली गुरं, आणि एक माणूस वही घेऊन त्यांची मोजणी करत होता. मामांनी खिडकीतून मान बाहेर काढली.

"आमच्या छावणीपरीस हिथं चारा बरा हाय," ते म्हणाले. "आन् ह्यो गडी एका दमात मोजून राहिला. आमच्या शिपायाला कधी जमलंच न्हाई."

"कसं मोजायचे तिथं?"

"पाचपाचाच्या रांगा. ऊनो, दूए, त्रे, क्वात्रो, चिंक्वे. त्यो निम्म्यावर आला, का मागचा एखादा फुडं सरकायचा. मग माणसं जास्ती भरायची. कैदी कमी झाला तर शिपाई वरडणार. पर जास्ती झाल्यावर काय करील? डोकं धरून बसायचा, आन् पुन्यांदा ऊनो."

यष्टी नांदेड जिल्हा ओलांडून लातूर जिल्ह्यात शिरली. लातूर जिल्हा तेव्हा नवा कोरा होता. आमचं नांदेड निजामाच्या काळापासूनचा जिल्हा, म्हणून मी जुन्या सुनेच्या तोऱ्यात बसलो होतो. शेजारचे अहमदपूरचे गृहस्थ मात्र नवी नवरी 'आमच्याकडे' म्हणते तसं दर वाक्यात 'आमच्या जिल्ह्याला' म्हणत होते. "आमच्या जिल्ह्याला लई उन्हाळा." "आमच्या जिल्ह्याला टँकर वेळेवर येतो." मी खिडकीतून बोट दाखवलं. सरकारी पाटीवर 'जि. लातूर' असं ताज्या रंगात लिहिलं होतं, आणि रंग पातळ पडल्यानं खालून 'उस्मानाबाद' डोकावत होतं. गृहस्थ म्हणाले, "माहेरचं नाव हाय ते. ऱ्हाणारच थोडे दिवस."

अहमदपूरला गाडी बदलायची होती. मामा जरा आडोशाला गेले. हॉटेलवाल्याकडे काळा चहाच होता.

"दूध न्हाई का?"

"सर, म्हशी छावणीत अन् दूध सपनात."

स्टँडावर दहाबारा माणसं हिरमुसून काळा चहा पीत होती. माझ्या अंगात दातृत्व संचारलं. मी मामांची पिशवी उघडली, डबा काढला, हॉटेलवाल्याच्या खिळ्यानं त्याला दोन भोकं पाडली आणि तो किटलीत ओतला. काय तो रंग आला! काय तो वास! अहमदपूरचे गृहस्थ म्हणाले, "आमच्या जिल्ह्यात असा चहा झाला न्हाई." मी मान लववून स्तुती स्वीकारली. तळाशी दोन बोटं दूध उरलं, तेवढं बोळा घालून परत ठेवलं.

मामा आले. मी त्यांच्या हाती कप दिला. त्यांनी बशीत ओतून फुर्र केलं, मिश्या पुसल्या.

"च्या झकास हाय. दूध कुठलं रं?"

"तुमचंच की. डब्यातलं."

बशी अर्ध्यावर थांबली. हॉटेलवाला, गृहस्थ, मी, सगळे त्यांच्याकडे बघत राहिलो. मामांनी उरलेला चहा हळूहळू पिऊन टाकला, कारण सांडून काय होणार होतं, आणि म्हणाले,

"पुन्यांदा म्याच प्यालो."

चाकूरचा रस्ता

जीपमध्ये आम्ही मागं, सरपणाच्या मोळीला टेकून बसलो होतो. तिथं मामांनी सांगितलं. इतकी वर्षं गोष्ट मी सांगत होतो, आणि ही गोष्ट मला माहीतच नव्हती.

कैदेत महिन्याला मदतीचं पार्सल यायचं. दोघांत एक. त्यात एक मटणाचा डबा, एक दुधाचा. आप्पा लिंगायत, मटणाला शिवायचा नाही. म्हणून करार झाला होता: मटण सगळं मामांचं, दूध सगळं आप्पाचं. "गावात आमच्या म्हारवाड्याच्या हिरीच्या पाण्याला त्येच्या जातीतलं कुणी शिवत न्हवतं," मामा म्हणाले. "आन् तिथं आमी एका पार्सलाचे धनी. बराकीचा कायदाच व्हता. जो वाटील त्यानं आपला वाटा शेवटी घ्यायचा. बाकीच्यांनी आधी उचलायचं. मग वाटणाऱ्याचा हात बरोब्बर चालतो."

एका हिवाळ्यात आप्पा तापानं फणफणला. पार्सल आलं ते मामांच्या हातात. मामांनी मटण खाल्लं. मग भूक शमेना म्हणून दुधाचा डबा उघडून एक बोट चाटलं. मग दुसरं.

"डबा पुसून घेतला रं भाकरीच्या तुकड्यानं," मामा म्हणाले. "आन् आप्पा शुद्धीवर आला तवा सांगितलं, शिपायानं नेला. आंजेलो म्हणून एक व्हता त्येचं नाव घेतलं. लई गरीब माणूस. आप्पा काय बोलला न्हाई. म्या बी न्हाई बोललो. ते तसंच ऱ्हायलं."

आता कळलं डबा कशाला. मी जीपच्या फळीवर बसल्या बसल्या स्वतःच्या कपाळावर मारायला हात उचलला; तो मागच्या मोळीतल्या काट्यावर बसला. चाकूरला उतरलो तेव्हा माझा हात रुमालात होता, मामांच्या पिशवीत दोन बोटं दूध होतं, आणि दुकानं बंद होती. बाजाराचा दिवस नव्हता.

आप्पांची वाडी

चाकूरहून पायी वाडीला पोचलो तेव्हा वेशीत टँकर उभा होता. घागरी, हंडे, डबे आणि माणसांचा मोठा गलका असेल असं मला वाटलं. नांदेडला तर टँकर आला की एकमेकींच्या झिंज्या धरतात. इथं भलतीच शिस्त. बायका पाचपाचाच्या रांगांत उभ्या. पुढं एक उंच म्हातारा, कपाळावर भस्माचे आडवे पट्टे, हातात वेताची काठी. तो रांगेवरून काठी फिरवत खणखणीत आवाजात म्हणत होता,

"ऊनो! दूए! त्रे! ए म्हादू, मागनं फुडं सरकू नगंस, मला म्हायती हाय त्यो डाव! क्वात्रो! चिंक्वे!"

मामा जागीच थांबले. मग पिशवी माझ्या हातात देऊन, चपला घासत, शेवटच्या रांगेच्या टोकाला जाऊन ताठ उभे राहिले. काठी तिथवर आली.

"चिंक्वे," काठी म्हणाली, आणि पुढं सरकलीच नाही. "ह्यो सहावा कोण?"

"जास्ती भरला मालक," मामा म्हणाले. "पुन्यांदा मोजा."

आप्पांनी डोळ्यांवर हात धरला. मग काठी बगलेत मारली. सगळ्या बायका बघत असताना दोन म्हाताऱ्यांनी एकमेकांच्या खांद्यांना धरून असं हलवलं की जणू दुकानात डबा तपासताहेत. मामा म्हणाले, "जयभीम आप्पा." आप्पांनी आपला लिंगायती नमस्कार केला, "शरणार्थी. मिश्या कुठं गेल्या रं निम्म्या?"

मग ते माझ्याकडे वळले.

"मला मारणारा ह्योच का?"

"होय," मी म्हणालो.

"मास्तर दिसतो. थांब. आधी पाणी हू दे."

पाणी वाटून झालं. सगळ्यांच्या घागरी भरल्यावर सर्वांत शेवटी आप्पांची सून आपली घागर घेऊन पुढं झाली. तिच्या वाट्याला पाऊण घागर आली. ती कुरकुरली नाही, एवढंच म्हणाली, "इटलीचा कायदा हाय आमच्या घरात. दुष्काळात जास्तीच कडक."

घरी पाय धुवायला तिनं तांब्या दिला आणि खाली परात सरकवली. "ह्यात उभं ऱ्हाऊन धुवा. ते पाणी वासराला हाय." मी परातीत उभा राहून पाय धुतले. वासरू समोर वाट बघत उभं होतं. आयुष्यात कुणी माझ्या पायांकडे इतक्या आशेनं पाहिलं नव्हतं.

जेवायला ज्वारीची भाकरी, लाल ठेचा आणि हुलग्याचं माडगं. आप्पा म्हणाले, "खेचरांना घालायचो तेच हाय. पर जिरं टाकलंय." मी तीन वाट्या प्यालो. आमच्याकडे हुलगे फक्त आजारी माणसाला देतात. मला वाटतं त्या दिवसाइतकी गरज मला कधीच नव्हती.

हात कोरड्या फडक्याला पुसून झाले, तशी मामांनी टोपी काढली.

"आप्पा, मास्तरानं तुला मारलं ते ऱ्हाऊ दे. मला एक सांगायचं हाय. तुझ्या तापात त्यो दुधाचा डबा आंजेलोनं न्हाई नेला. म्या खाल्ला."

आप्पांनी काठी जवळ ओढली. वाटलं, आता उठतील आणि आम्हाला जीपची वेळ सांगतील. सून भाकरीची टोपली हातात धरून दारात उभी. मामांची मान खाली.

"गणपत," आप्पा म्हणाले, आणि आवाज चढला, "चाळीस वर्षं म्या त्या आंजेलोला शिव्या देऊन राहिलो! रोज! आंघोळीला बसलो का पयला तांब्या आन् पयली शिवी!"

"खरं हाय वो," सून म्हणाली. "मला वाटायचं कुणी भावकीतला हाय."

"त्या गरिबाला! आता त्येची माफी कुठं मागू? इटलीला यष्टी जाती का?"

"न्हाई जात," मामा कसेबसे म्हणाले. "म्हणून तुझ्याकडं आलो."

"रिकाम्या हातानं?"

मामांनी टॉवेल सोडला आणि डबा पुढं ठेवला. आप्पांनी तो उचलला, कानाशी नेऊन हलवला. त्यांच्या कपाळावरचे भस्माचे पट्टे वर चढले.

"गणपत. ह्यो बी?"

"तो मी," मी म्हणालो. "अहमदपूरला. चहात घातला. अकरा माणसांना पाजला. मामाही प्याले, पण त्यांना माहीत नव्हतं."

आप्पा माझ्याकडे बघत राहिले. मग त्यांच्या पोटातून, टँकरच्या पाइपातून आधी हवा येते तसा आवाज आला, आणि मग हसू आलं. ते हसता हसता मामांच्या मांडीवर थापा मारू लागले. मामा रडत होते की हसत होते ते मला सांगता येत नाही; हिनं वाढवून सांगू नका म्हटलं होतं.

"सुनबाई, तीन वाट्या," आप्पा म्हणाले. "मास्तर, वाट."

मी डबा वाट्यांवर उपडा धरला. तीन वाट्यांत समान दूध पडेना. एकीत जरा जास्त पडलं, एकीत तळ जेमतेम ओला झाला. मी बोटानं इकडचं तिकडं केलं. आप्पांनी भरलेली उचलली. मामांनी मधली. उरली ती माझी. खरं सांगतो, वाटणी आणखी नीट करायला हवी होती.

"गोड हाय," आप्पा म्हणाले आणि बोट चाटलं. "आता लेखाची वाटणी. तू आपल्या मामाला सगळं दिलंस आन् मला मरण दिलंस. अशी वाटणी बराकीत केली असती तर दोन दिवस उपाशी ठिवला असता. पुन्यांदा वाट."

"पण खरं काय झालं होतं? बोगदा होता ना?"

"व्हता की. दुसऱ्या बराकीनं खणला. माती लपवायला जागा न्हाई म्हणून आमच्या विजारीत भरायचे, आमी छावणीत लावलेल्या मेथीच्या वाफ्यात झाडायचो. बोगदा दहा हातांवर पाण्यात बुडाला. मेथी मातूर लई फोफावली."

मी वही काढली आणि गोष्टीचे तीन वाटे केले. पहिला, बोगदा खणणारा शूर शिपाई. दुसरा, तापात मित्राच्या उशाशी रात्रंदिवस बसून त्याला चमच्यानं पाणी पाजणारा. ते मामांनी खरोखर केलं होतं, आप्पांनीच सांगितलं. तिसरा, डबा खाणारा.

"बोगदा माझा," आप्पा लगेच म्हणाले. "मी मेलो त्याच्यात, खणलाबी म्याच."

मामांनी तिसऱ्या वाट्याकडे बोट नेलं. आप्पांनी त्या बोटावर काठी ठेवली.

"तुझी पाळी दुसरी हाय गणपत. भारी त्ये उचल. शेवटचा उरंल त्यो वाटणाऱ्याचा."

मामांनी बोट हळूच मागं घेतलं आणि चमच्याच्या वाट्यावर ठेवलं.

परत

आप्पा सत्काराला आले. चाकूरहून नवी कोरी टोपी घालून, सुनेनं दिलेला मेथीचा वाळवलेला पाला पुडीत बांधून. हार दोन लागले. मंडळाच्या अध्यक्षांनी दुसरा स्वतःच्या गळ्यातून काढून दिला. मग मला लेख वाचायला उभं केलं, आणि मी दुरुस्त करून वाचला. आप्पांनी बोगदा खणला तेव्हा टाळ्या पडल्या. मामांनी चमच्यानं पाणी पाजलं तेव्हा बायकांनी पदर डोळ्याला लावले. त्यात आमची हीसुद्धा होती, हे मी बघून ठेवलं. मग मी शेवटचा भाग वाचला.

"आणि आजारी आप्पांच्या वाट्याचा दुधाचा डबा चोरून खाल्ला, तो मी."

मागून एकजण उभा राहिला. "सर, तवा तुमी कितीचे व्हतात?"

"चार वर्षांचा," मी म्हणालो. "पण भूक लागली होती."

मांडव हसला. व्यासपीठावर आप्पांनी मान डोलावली. मामा मात्र हसले नाहीत. ते सावकाश उठले, गळ्यातला हार काढला, मी ताठ उभा होतो तिथवर आले आणि म्हणाले, "पुन्यांदा मोजा. एक जास्ती भरलाय." आणि हार माझ्या गळ्यात घातला.